लाच मागितली, हे कोर्टात कसं सिद्ध होतं? बेळगाव सीमाभागातून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नोटा खिशात सापडल्या, हात गुलाबी झाले. आता सिद्ध करायचं काय राहिलं?

खटल्याचा मुख्य भाग अजून राहिलेलाच असतो. सापळ्यात नोटांना पावडर लावलेली असते, ती हाताला लागली की हात धुतलेलं पाणी गुलाबी होतं. त्या गुलाबी पाण्यावरून एवढंच कळतं की या माणसाचा हात त्या नोटांना लागला. तो का लागला, हे कोर्टात वेगळं दाखवावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने बी. जयराज (२०१४) आणि पी. सत्यनारायण मूर्ती (२०१५) या खटल्यांत स्पष्ट केलं की मागणीचा पुरावा नसेल, तर नुसत्या नोटा सापडल्याने शिक्षा होत नाही. आधी मागणी, मग स्वीकार, अशा दोन्ही गोष्टी संशयापलीकडे सिद्ध व्हाव्या लागतात. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यातलं कलम २० चं गृहीतक, म्हणजे ‘पैसे घेतले ते लाच म्हणूनच घेतले’ हे मानून चालणं, त्यानंतरच लागू होतं. अनेकांना वाटतं, नोटा सापडल्या की आरोपीनेच निर्दोषत्व सिद्ध करायचं. तसं नाही.

पण साहेब ‘लाच’ हा शब्द कधीच उच्चारत नाहीत. मग मागणी कशी दाखवायची?

कुणीच उच्चारत नाही. ‘जरा बघायला पाहिजे’, ‘वरच्यांचं पण असतंय’, ‘स्वल्प नोडकोळ्ळ्री’ (जरा बघून घ्या), किंवा नुसती दोन बोटं दाखवणं, असंच चालतं. अशा बोलण्याला अर्थ येतो तो आगेमागे घडलेल्या गोष्टींमुळे. अर्ज कधी दिला, किती दिवस अडकला, आधी काय आकडा झाला होता, त्यावर तुम्ही काय म्हणालात. म्हणून पडताळणीच्या, म्हणजे सापळ्याआधी मागणी खरी आहे का हे तपासायला रेकॉर्ड केलेल्या, संभाषणात रक्कम आणि काम या दोन्ही गोष्टी एकत्र बोलण्यात आल्या पाहिजेत. ‘साहेब, वारसा नोंदीचे ते पाच हजार म्हणाला होता, थोडं कमी होईल का?’ असं विचारलं आणि समोरून ‘नाही, पाचच आणा’ असं आलं, तर हे उत्तर हात धुतलेल्या पाण्यापेक्षा मोलाचं ठरतं. घासाघीस करणं स्वाभाविक आहे, ती करावी. मात्र ‘मी तुम्हाला खूश करतो’ असं स्वतःहून म्हणू नये. तिथे बचाव पक्षाला आयती वाट मिळते.

२०१८ च्या दुरुस्तीनंतर कलम ७ मध्ये लाच मिळवण्याचा प्रयत्नही गुन्हा आहे. कायद्यातच उदाहरण दिलंय: नेहमीचा रेशन कार्डाचा अर्ज वेळेत निकाली काढायला पाच हजार मागणारा नोकर दोषी आहे. काम नियमातलं असलं तरी फरक पडत नाही. आपल्याकडच्या नाडकचेरीतल्या (तालुक्याखालचं महसूल कार्यालय) बहुतेक तक्रारी याच जातीच्या असतात.

तक्रार नेमकी कुठे द्यायची? एसीबी, लोकायुक्त की सीबीआय?

कर्नाटकात एसीबी आता नाही. २०१६ मध्ये स्थापन झालेली एसीबी उच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२२ रोजी रद्द केली आणि अधिकार पुन्हा लोकायुक्त पोलिसांकडे आले. त्यामुळे तलाठी, सर्कल, सर्व्हेअर, केसवर्कर (फाईल हाताळणारा कारकून), पीडीओ (ग्रामपंचायतीचा विकास अधिकारी), हेस्कॉम (वीज कंपनी), सब-रजिस्ट्रार, महापालिका या सगळ्यांसाठी जिल्ह्याच्या लोकायुक्त पोलिसांत जावं. बेळगाव, कारवार, बीदर या तिन्ही ठिकाणी त्यांची कार्यालयं आहेत.

पोस्ट, रेल्वे, कॅन्टोन्मेंट, राष्ट्रीयीकृत बँक अशा केंद्राच्या नोकरांसाठी सीबीआय.

सीमेवर एक घोळ नेहमी होतो. राहणं निपाणीत आणि जमीन कागल तालुक्यात, किंवा घर बेळगावात आणि शेत चंदगडला. अशा वेळी तुमचा पत्ता महत्त्वाचा नसतो. मागणी करणारा नोकर कोणत्या राज्याचा आणि मागणी कुठे झाली, ते बघितलं जातं. महाराष्ट्राचा तलाठी असेल तर महाराष्ट्राची एसीबी, त्यांचा टोल फ्री नंबर १०६४. चुकीच्या दारात दोन दिवस गेले की पैसे द्यायची तारीख निघून जाते. म्हणून हे आधी ठरवा.

लोकायुक्तांकडे फॉर्म भरून दिलेली तक्रार चालत नाही का?

चालते, पण ती वाट निराळी आहे. १९८४ च्या लोकायुक्त कायद्याखाली नमुना १ मध्ये तक्रार आणि नमुना २ मध्ये प्रतिज्ञापत्र दिलं की गैरकारभाराची चौकशी होते आणि त्यातून विभागीय कारवाई होऊ शकते. सापळा आणि फौजदारी खटला हवा असेल, तर लोकायुक्त पोलिसांकडे भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा, १९८८ खाली एफआयआर व्हावी लागते. दोन्ही गोष्टी एकाच छपराखाली असल्यामुळे लोक नमुना १ भरतात आणि सापळ्याची वाट बघत बसतात.

तक्रारीत काय काय लिहावं?

साधं लिहा, पण नेमकं लिहा. कोणतं काम, अर्जाची तारीख, सकालाच्या (मुदतीत सेवा देण्याची कर्नाटक सरकारची योजना) पोचपावतीवरचा जीएससी नंबर, आता फाईल कोणाच्या टेबलावर आहे, मागणी कोणत्या दिवशी, किती वाजता, कुठे, कोणासमोर झाली, रक्कम किती, आगाऊ काही दिलंय का, उरलेले कधी द्यायचे. बोललेले शब्द जसेच्या तसे लिहा. सरकारी भाषेत सजवू नका. ‘आरोपीने बेकायदेशीर मोबदल्याची मागणी केली’ या वाक्याने काहीच कळत नाही. ‘एमआर पुढे सरकवायचा असेल तर आठ लागतील म्हणाला’ याने सगळं कळतं (एमआर म्हणजे फेरफार नोंद).

त्या माणसाशी जुना वाद, उसनवारी किंवा आधीची तक्रार असेल, तर तेही लिहा. लपवलं तर उलटतपासणीत निघतं, आणि तेव्हा ते तुमच्यावर उलटतं.

सकालाची पोचपावती लोक फेकून देतात. काम खरंच प्रलंबित होतं, याचा तो सगळ्यात स्वस्त आणि पक्का पुरावा आहे.

कन्नड वाचता येत नाही. तक्रार मराठीत देता येते का?

देता येते. तोंडी सांगितली तरी पोलिसांनी ती लिहून तुम्हाला वाचून दाखवायची असते आणि एफआयआरची प्रत फुकट द्यायची असते. प्रत्यक्षात एफआयआर, महजर (पंचनामा), जबाब सगळं कन्नडमध्ये होतं. म्हणून मराठीत स्वतःच्या हाताने लिहून सही केलेली तक्रार द्या आणि तीच मूळ तक्रार म्हणून जोडायला सांगा. कन्नड कागदावर सही करायची वेळ आली, तर मराठीत समजावून घ्या आणि ‘मराठीत वाचून दाखवले, समजले’ अशी ओळ घालूनच सही करा.

यामागे भावनेपेक्षा पुराव्याचा प्रश्न आहे. संभाषण निम्मं मराठी, निम्मं कन्नड झालेलं असतं, आणि महजरात मात्र सगळं छापील कन्नडमध्ये उतरतं. दोन वर्षांनी तुम्ही कोर्टात मराठीत सांगता ते आणि कागदावरचं वाक्य जुळत नाही. बचावाचे वकील ही तफावत ‘विसंगती’ म्हणून मोजून दाखवतात. रेकॉर्डिंगचा उतारा आधी बोललेल्या भाषेत, मग भाषांतर, असा असावा. त्याचा आग्रह धरा.

कोर्टात साक्ष मराठीत देता येते. बेळगाव, खानापूरकडे दुभाष्याची अडचण सहसा येत नाही. पण न्यायाधीशांनी नोंदवलेली साक्ष तुम्हाला समजेल अशा भाषेत वाचून घेतल्याशिवाय सही करू नका.

आधीच एक हप्ता दिलाय. मीच अडकेन का?

२०१८ पासून लाच देणं हासुद्धा स्वतंत्र गुन्हा आहे, कलम ८, सात वर्षांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही. पण त्याच कलमात दोन सवलती आहेत. जबरदस्तीने द्यावी लागली असेल आणि दिल्यापासून सात दिवसांत पोलिसांना किंवा तपास यंत्रणेला कळवलं, तर गुन्हा लागत नाही. आणि आधी यंत्रणेला कळवून, तिला मदत म्हणून पैसे दिले, म्हणजे सापळ्यात दिले, तरी लागत नाही.

म्हणून दिवस मोजा. आठव्या दिवशी सल्ला घ्यायला वकिलाकडे जाणारे बरेच असतात. सात दिवस उलटून गेले असतील, तर तक्रारीआधी वकिलाशी बोला, आणि पहिला हप्ता तक्रारीतून गाळू नका.

माझ्या मोबाइलमधलं रेकॉर्डिंग चालतं का?

तुम्ही स्वतः त्या संभाषणात असाल तर चालतं. ते टिकतं की नाही, हे तुम्ही फोनचं पुढे काय करता यावर अवलंबून आहे.

मूळ फाईल कापू नका, नाव बदलू नका. व्हॉट्सअ‍ॅपवरून पाठवलेली प्रत ही मूळ नव्हे. फोन विकू नका, फॉरमॅट करू नका, दुरुस्तीला देऊ नका. फोनच कोर्टात हजर केला तर मूळ पुरावा समोर येतो. पेन ड्राइव्ह किंवा सीडीवर प्रत दिली, तर भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३(४) चं प्रमाणपत्र लागतं. १ जुलै २०२४ पूर्वी हेच ६५-ब होतं. आता त्याचे दोन भाग असतात: भाग अ उपकरण ज्याच्या ताब्यात होतं त्याने द्यायचा, भाग ब तज्ज्ञाने. त्यात फाईलची हॅश संख्या येते. एका अक्षराचा बदल झाला तरी ही संख्या बदलते, त्यामुळे छेडछाडीचा आरोप तिथेच मिटतो. अर्जुन पंडितराव खोतकर निकालानुसार (२०२०) प्रतीसाठी प्रमाणपत्र अनिवार्य आहे. सुरुवातीला राहून गेलं असेल, तर खटला चालू असताना दाखल करता येतं.

‘आवाज माझा नाहीच’ हा बचाव ठरलेला असतो. त्यासाठी आवाजाचा नमुना घ्यायचा आदेश न्यायदंडाधिकारी देऊ शकतात (रितेश सिन्हा, २०१९). शिवाय रोज सोबत काम करणारा वरिष्ठ आवाज ओळखतो, तोही पुरावाच.

सापळ्याच्या दिवशी नेमकं काय होतं?

दोन सरकारी नोकर पंच म्हणून दुसऱ्या खात्यातून बोलावले जातात. पैसे तुम्ही न्यायचे. प्रत्येक नोटेचा नंबर लिहिला जातो आणि नोटांना फिनॉल्फथॅलीन पावडर लावली जाते. ही पावडर लावणारा शिपाई पुढे सापळ्यात येत नाही, त्याचे हात कशालाही लागू नयेत म्हणून. नोटा तुमच्या ठरावीक खिशात ठेवल्या जातात. सोडियम कार्बोनेटच्या पाण्यात बोटं बुडवून पंचांना रंग दाखवला जातो. या सगळ्याचा एन्ट्रस्टमेंट महजर होतो. महाराष्ट्राच्या बाजूला अँथ्रासिन पावडर आणि अल्ट्राव्हायोलेट दिव्याची पद्धतही आहे. कोल्हापूरकडचं ऐकून इथे ‘दिवा कुठाय’ म्हणून विचारू नका.

तुम्हाला तीन सूचना मिळतात: मागितल्याशिवाय पैसे काढायचे नाहीत, हस्तांदोलन करायचं नाही, पैसे घेतल्यावर ठरलेली खूण करायची. दोन पंचांपैकी एक तुमच्यासोबत आत येतो. त्याला शॅडो विटनेस म्हणतात. त्याने बघायचं आणि ऐकायचं, दोन्ही.

खूण मिळाली की पथक आत येतं. उजवा आणि डावा हात वेगवेगळ्या भांड्यांत धुतला जातो. न वापरलेल्या पाण्याचा नमुनाही बाटलीत राखून ठेवतात. खिशाच्या अस्तराचा वेगळा धुवा होतो. बाटल्या सीलबंद, सह्यांसह, आणि सीलचा ठसा महजरावर. नोटांचे नंबर जुळवले जातात. अर्जाची फाईल जप्त होते. आरोपीचं पहिलं स्पष्टीकरण लिहून घेतलं जातं. हे पहिलं स्पष्टीकरण फार महत्त्वाचं. त्या क्षणी गप्प राहिलेला माणूस दीड वर्षाने ‘ते उसने पैसे होते’ म्हणतो, तेव्हा कोर्ट हेच पान उघडतं. झडती-जप्तीचं व्हिडिओ चित्रीकरण आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १०५ नुसार बंधनकारक आहे.

मग सापळे फसतात कुठे?

सगळ्यात जास्त वेळा दारात. केसवर्कर म्हणतो, ‘हे कोण? त्यांना बाहेर बसू दे.’ शॅडो विटनेस व्हरांड्यात, तुम्ही आत. त्याने काहीच ऐकलेलं नसतं आणि कोर्टात तो तसंच सांगतो. उपाय सोपा: पंचाला भाऊ किंवा जमिनीतला वाटेकरी म्हणून आधीच ओळख करून द्यायचं ठरवा, आणि रेकॉर्डर चालू आहे ना हे आत शिरण्याआधी पाहा.

दुसरी चूक घाईची. मागायच्या आधीच पैसे पुढे केले, किंवा ‘त्या फाईलमध्ये ठेवा’ म्हटल्यावर ठेवून बाहेर आले. नोटा फाईलमध्ये सापडतात, हात पांढरेच राहतात. त्याने ‘ठेवा’ म्हटलं, हे रेकॉर्डिंगमध्ये आलं असेल तर खटला उभा राहतो, नाहीतर ‘माझ्या माघारी ठेवले’ या बचावाला उत्तर नसतं.

तिसरी, पडताळणी न करता थेट सापळा. तेव्हा मागणीचा सगळा भार एकट्या तक्रारदारावर येतो.

ग्रामपंचायतीत आणखी एक आहे. ‘घरपट्टीची बाकी घेतली’ असं सांगतात. म्हणून तक्रारीआधी घरपट्टी, पाणीपट्टी भरून पावती हातात ठेवा.

खटला उभा राहीपर्यंत बाटलीतला गुलाबी रंग उडाला तर?

उडतोच. काही बिघडत नाही. प्रयोगशाळेचा अहवाल रंगावर नाही, फिनॉल्फथॅलीन आणि सोडियम कार्बोनेट सापडलं का, यावर असतो. बघायचं ते सील. बाटल्या कधी पाठवल्या, मधले दिवस कोणाच्या ताब्यात होत्या, ठसा जुळला का.

पैसे फोनपेवर, तेही मेहुण्याच्या खात्यात घेतले. पावडर कुठे लावणार?

लावायची गरजच नाही. पैसे स्वतः घेतले की तिसऱ्यामार्फत, याने फरक पडत नाही, असं कलम ७ च्या स्पष्टीकरणातच आहे. स्वीकाराचा पुरावा बँक देते: प्रमाणित खातेउतारा, यूटीआर (व्यवहाराचा) नंबर, खात्याशी जोडलेला मोबाइल. अवघड असतं ते मेहुणा आणि साहेब यांचा धागा जोडणं. क्यूआर कोडचा फोटो किंवा नंबर कोणी पाठवला, त्याचा मेसेज जपून ठेवा, स्क्रीनशॉटवर भागवू नका.

सब-रजिस्ट्रार ऑफिसच्या बाहेरचा एजंटच पैसे घेतो. त्याच्यावर काही होतं?

होतं. कलम ७-अ खाली खासगी माणसालाही तीन ते सात वर्षं कैद आहे, चिथावणीसाठी कलम १२ आहे. साहेबांपर्यंत पोचायचं असेल, तर एजंटाने पैसे घेतल्यावर साहेबांना केलेला फोन आणि त्यानंतर हललेली फाईल, हे दोन्ही तपासात आलं पाहिजे. एजंटावरच थांबलेले खटले पुष्कळ.

‘काम माझ्या हातातच नव्हतं’ असं तो म्हणाला तर?

मागणी सिद्ध असेल, तर हा बचाव फारसा तग धरत नाही. मागणी डळमळीत असेल, तर मात्र यानेच माणूस सुटतो. पोडीचं (जमिनीची फोड) काम सर्व्हेअरकडे आणि मागणी तलाठ्याची, अशी उदाहरणं नेहमीची. फाईलची हालचाल नोंदवही आणि ऑनलाइन स्थितीचा प्रिंट जप्त करायला सांगा.

खटल्याची मंजुरी म्हणजे काय? त्यात का अडकतं?

कलम १९ नुसार, त्या नोकराला काढून टाकण्याचा अधिकार ज्याला आहे, त्याच्या मंजुरीशिवाय कोर्ट दखल घेत नाही. मुदत तीन महिने, कायदेशीर सल्ल्यासाठी आणखी एक. निवृत्तांनाही आता हे संरक्षण आहे. सापळ्यात जागीच अटक झाली असेल, तर तपासासाठी कलम १७-अ ची आधीची परवानगी लागत नाही. या दोन परवानग्या लोक एकच समजतात.

चुकीच्या अधिकाऱ्याने दिलेली मंजुरी म्हणजे सगळा खटला पाण्यात. नंजप्पा (२०१५) हा कर्नाटकातल्याच ग्रामपंचायतीच्या बिल कलेक्टरचा खटला. मंजुरी देणारा सक्षम नव्हता, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने खटलाच अवैध ठरवला. एरवी अशा वेळी नव्या मंजुरीने पुन्हा खटला भरता येतो, पण इतक्या वर्षांनी तसं करण्यात अर्थ नाही, असंही कोर्ट म्हणालं.

तक्रारदारच फितूर झाला, किंवा वारला, तर खटला संपला?

नाही. नीरज दत्ता (१५ डिसेंबर २०२२) या घटनापीठाच्या निकालानुसार मागणी आणि स्वीकार परिस्थितीजन्य पुराव्यानेही सिद्ध होऊ शकतात: शॅडो विटनेस, रेकॉर्डिंग, फाईल. अर्थात हा पुरावा तेवढा भक्कम हवा. म्हणूनच तपासात तक्रारदाराचा जबाब नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८३ खाली न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर नोंदवून घेतात. तो मुख्य पुरावा होत नाही, पण नंतर फिरणं जड जातं.

गावात दबाव येतो, कधी पाहुण्यांकडूनच. २०१८ च्या साक्षीदार संरक्षण योजनेखाली जिल्हा न्यायाधीशांच्या समितीकडे अर्ज करता येतो.

साक्षीच्या दिवशी काय विचारतात?

किती वाजता गेलात, टेबलावर कोण होतं, कोणत्या हाताने दिलं, कोणत्या खिशात घातलं. आठवत नसेल तर ‘आठवत नाही’ म्हणा, अंदाज सांगू नका. आदल्या दिवशी सरकारी वकिलांना सांगून तक्रार आणि दोन्ही महजर मराठीत वाचून घ्या. हे कोणी आपणहून सुचवत नाही, मागावं लागतं.

माझे पैसे परत मिळतात का? आणि काम?

नोटा मुद्देमाल होतात. परत मिळण्यासाठी कोर्टात अर्ज करावा लागतो, वेळ जातो. म्हणून व्याजाने काढून सापळ्याला पैसे आणू नका. काम मात्र थांबायचं कारण नाही. फाईल जप्त झाली असेल, तर तिची प्रमाणित प्रत खात्याकडे ठेवायला लावा आणि तिच्यावर सकालाखाली अपील करा.

शिक्षा किती आणि वेळ किती?

कलम ७ ला किमान तीन, कमाल सात वर्षं आणि दंड. दोन वर्षांत खटला संपवायचा प्रयत्न करावा, मुदतवाढीसह सहसा चार वर्षांपलीकडे जाऊ नये, असं कायदा म्हणतो. प्रत्यक्षात पंचांच्या बदल्या होतात, समन्स फिरत राहतं, वर्षं जातात. तुमचा पत्ता किंवा मोबाइल बदलला तर लोकायुक्त पोलिसांना लेखी कळवा.

निर्दोष सुटला तर सगळं संपलं?

सरकारला उच्च न्यायालयात अपील करता येतं. बेळगाव, कारवारसाठी धारवाड खंडपीठ, बीदरसाठी कलबुर्गी. शिवाय विभागीय चौकशी वेगळी चालते. ती सरकार कर्नाटक नागरी सेवा नियमांतल्या नियम १४-अ खाली उपलोकायुक्तांकडे सोपवू शकतं. तिथे संशयापलीकडचा पुरावा लागत नाही, शक्यतेचं पारडं जड असलं तरी पुरतं. त्यामुळे कोर्टातून सुटलेल्याची नोकरी जाऊ शकते. चौकशीची नोटीस आली, तर ‘कोर्टात सांगून झालं’ म्हणून घरी बसू नका. तिथेही साक्षीला जावं लागतं.